शेवटची दोन वाक्यं

माझ्या धाकट्या भावाला घरात सगळे ससा म्हणतात. दुधाचे दात पडून नवे आले तेव्हा पुढचे दोन एवढे ऐसपैस आले की बाकीच्यांना दाटीवाटीनं उभं राहावं लागलं. तोच मुलगा मोठा होऊन कवळ्या बनवणारा कारागीर झाला. यावर आमच्या घरात जेवढे विनोद व्हायचे तेवढे होऊन गेलेत. तो स्वतःच म्हणायचा, "माझ्या तोंडात जे बिघडलं ते मी दुसऱ्यांच्या तोंडात दुरुस्त करतो."

त्याची कामाची खोली तळमजल्यावर आहे. प्लॅस्टरची पांढरी पूड दाराच्या कडीपासून त्याच्या भुवयांपर्यंत सगळीकडे. फळ्यांवर लोकांच्या जबड्यांचे साचे ओळीनं मांडलेले, प्रत्येकाला चिठ्ठी बांधलेली. माझी भाची लहान असताना तिथे जाऊन त्या साच्यांशी तासन्‌तास गप्पा मारायची. "हे आजोबा आज काहीच बोलत नाहीयेत," असं तिनं एकदा मला अगदी गंभीरपणे सांगितलं होतं.

मी वर्तमानपत्रात उपसंपादक आहे. दर मंगळवारी निघणारी आरोग्याची चार पानांची पुरवणी माझ्याकडे. बातम्या मी लिहीत नाही. दुसऱ्यांनी लिहिलेल्या कापते, जोडते, वर मथळा चढवते. मथळ्यांसाठी माझं नाव होतं. एखादी बातमी रटाळ असली की संपादक म्हणायचे, "हिच्याकडे द्या, ही धार लावेल." मला ते आवडायचं. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढे जे घडलं ते माझ्या हातून नकळत झालं असं मला म्हणता येणार नाही.

सशाचं दुखणं सव्वातीन वर्षांपूर्वी सुरू झालं. कृत्रिम दातांच्या रंगाची एक पट्टी असते, सोळा छटांची. आपल्याला सगळे पिवळट पांढरे दिसतात. ससा मात्र माणूस हसला की लांबूनच छटा सांगायचा. एका दुपारी भावजय त्याचा डबा घेऊन गेली, तर हा ती पट्टी हातात धरून बसलेला. सकाळी आल्यापासून तसाच. तिला म्हणाला, "सगळे एकच दिसतायत गं."

त्यानंतर तो हळूहळू विझतच गेला. झोप पहाटे तीनला उडायची. दाढी वाढली. दंतवैद्यांचे फोन यायचे, तो नुसता वाजणाऱ्या फोनकडे बघत राहायचा. मुलीनं शाळेतलं काही सांगितलं की मान हलवायचा, पण ऐकत नाही हे तिलाही कळायचं. मी काय केलं? मी त्याला म्हटलं, "चार दिवस कुठेतरी फिरून ये. माणसानं मनावर घेतलं की सगळं होतं."

भावजयीनं माझ्याकडे लक्ष दिलं नाही. ती त्याला सरळ मनोविकारतज्ज्ञांकडे घेऊन गेली. दुसऱ्या दिवशी सशाचा मला ऑफिसात फोन आला. कित्येक दिवसांनी त्याच्या आवाजात जरा जीव होता.

"ताई, मी आळशी नाहीये. डॉक्टर म्हणाल्या, माझ्या मेंदूत एक रसायन कमी पडतंय. सेरोटोनिन."

"असं होतं का?"

"होतं ना! कवळीच्या पावडरीत द्रव कमी पडला तर काय होतं? वरून ठीक दिसते, पण आतून भुसभुशीत. पहिल्याच घासाला तडकते. मी तसा आहे बघ. मिश्रण चुकलंय फक्त."

निर्दोष सुटलेला माणूस बोलेल तसा तो बोलत होता. मी हो हो म्हटलं. मनात मात्र आलं, आता प्रत्येकाला आपल्या सुस्तीसाठी एक शास्त्रीय नाव मिळालंय.

गोळ्यांनी पहिले दोन आठवडे नुसती मळमळ झाली आणि तोंड कोरडं पडलं. पाचव्या आठवड्यात भावजयीचा फोन आला. ती हसत होती की रडत होती ते मला समजेना. "ताई, तो चिडला! एका दंतवैद्यानं छटेचा नंबर चुकीचा पाठवला म्हणून आज त्यानं त्याला फोनवर झाडलं!" त्या दिवसापासून तो सावरत गेला. वर्षभरात पूर्वीसारखा झाला. गोळी मात्र रोज सकाळी चालू होती, आणि दर रविवारी माझ्याकडे आला की मी एकदा तरी विचारायचे, "अजून किती दिवस रे?"

ती बातमी आली तेव्हा त्याला गोळ्या सुरू होऊन दीड वर्ष झालं होतं. एका वृत्तसंस्थेनं पाठवलेली होती. काही संशोधकांनी जुने अभ्यास पुन्हा तपासले होते आणि त्यांचं म्हणणं असं होतं की, सेरोटोनिन कमी झाल्यामुळेच नैराश्य येतं याला पुरेसा पुरावा सापडत नाही. बातमी संयमानं लिहिलेली होती, म्हणजे आमच्या भाषेत रटाळ. मूळ मथळा होता, 'नैराश्याच्या कारणांविषयी नवे प्रश्न'. असल्या मथळ्याकडे वाचक ढुंकूनही बघत नाही. मी तो काढला आणि लिहिलं, 'नैराश्याच्या गोळ्या: तीस वर्षांची थाप?'

प्रश्नचिन्ह टाकलं की आपण सुटतो. या धंद्यात ते सगळ्यांनाच माहीत असतं.

पान लावताना मजकूर सात ओळींनी जास्त होत होता. मी शेवटून कापला. गेली ती दोन वाक्यं. ती मला आजही पाठ आहेत: 'मात्र याचा अर्थ ही औषधे निरुपयोगी आहेत असा होत नाही, अनेक रुग्णांना त्यांचा फायदा होतो. चालू असलेली औषधे डॉक्टरांच्या सल्ल्याशिवाय अचानक बंद करू नयेत, त्याचे परिणाम गंभीर असू शकतात.'

'थाप' हा शब्द लिहिताना मला ससा आठवला होता. तो आठवलाच नाही असं मी पुढे कितीतरी दिवस स्वतःला सांगत होते, पण ते खरं नाही. आठवला, आणि मला जरा बरंही वाटलं. त्या गोळ्या मला कधी पटल्याच नव्हत्या. माझंच खरं होतं, असं काहीसं वाटलं. मग संपादक मागून येऊन म्हणाले, "वा! आज पान वाचलं जाणार." आणि मी पुढच्या पानाकडे वळले.

त्या रविवारी ससा आला तो पुरवणी हातात घेऊनच. भाची आत माझ्या कपाटातल्या जुन्या पर्सेस उचकत होती. तो स्वयंपाकघराच्या दारात उभा राहिला.

"ताई, हे तुझंच पान ना?"

"माझंच."

"हे खरं आहे?"

मी कपबश्या विसळत होते. वळलेसुद्धा नाही. "संशोधक सांगतायत. आम्ही काय मनानं छापतो का?"

"म्हणजे रसायन वगैरे काही कमी नव्हतं?"

"तसं सिद्ध झालेलं नाही म्हणतात."

त्यानं पुरवणीची घडी केली. मग म्हणाला, "मग मी दीड वर्ष काय खातोय?"

इथे मला सांगता आलं असतं. डॉक्टरांना विचार, एवढे दोन शब्द पुरे होते. मी म्हटलं, "ते तू ठरव. पण आता तू ठणठणीत आहेस, माझ्या डोळ्यांना तरी दिसतंय."

तो हसला, ते दोन दात दाखवत. दुसऱ्या दिवशी सकाळी त्यानं गोळी घेतली नाही. भावजयीला सांगितलं नाही. रोज एक गोळी पाकिटातून काढून तो बेसिनमध्ये सोडत होता, हे तिला फार नंतर समजलं.

पहिला आठवडा वाईट गेला. चक्कर यायची. मान वळवली की डोक्यात बारीक झटका बसल्यासारखं व्हायचं. भयंकर स्वप्नं पडायची, आणि लहानसहान गोष्टीवरून तो मुलीवर खेकसायचा. त्यानं समजूत करून घेतली की हे शरीरातून विष निघतंय. तीन आठवड्यांनी ते थांबलं. मग महिनाभर तो खरंच बरा होता. मला म्हणालासुद्धा, "बघ, काही लागत नव्हतं." मी त्याच्या पाठीवर थाप मारली.

मग पट्टीवरच्या छटा पुन्हा एकसारख्या दिसू लागल्या.

पण हे आधीच्यासारखं नव्हतं. पहिल्या वेळी त्याच्याजवळ निदान कारण होतं: मिश्रण चुकलंय, दुरुस्त होईल. आता ते कारण मी छापील स्वरूपात काढून घेतलं होतं. रसायन नाही, तर मग काय उरलं? तो स्वतः. मीच तसा आहे, मुळातच बिघडलेला, बायकोला आणि पोरीला नुसतं ओझं. असं तो दिवसभर मनात घोकत बसायचा आणि कोणाला कळू द्यायचा नाही. आधीच्या आजारपणातून तो एक गोष्ट चांगली शिकला होता: लोकांसमोर कसं हसायचं.

गुरुवार होता. सकाळी साडेदहाला भावजयीचा फोन आला. ती शाळेत लेखनिक आहे, तिथूनच बोलत होती. "ताई, तुमचं ऑफिस त्याच्या खोलीपासून जवळ आहे. जरा जाऊन बघता का? आत्ता त्याच्या एका दंतवैद्य बाईंचा फोन आला होता. त्यानं त्यांची सगळी कामं अर्धवट परत पाठवलीत. प्रत्येक डब्याला चिठ्ठी. कुठल्या कारागिराकडे द्यायचं, काय करायचं राहिलंय, सगळं लिहिलंय. त्या विचारत होत्या, तुम्ही गाव सोडून चाललात का."

 रिक्षा कधी केली, कधी उतरले, काही आठवत नाही. दार आतून लावलेलं होतं. मी हाका मारल्या. खूप वेळानं कडी निघाली.

खोली स्वच्छ होती. हेच भयंकर होतं. फळ्या रिकाम्या, ओटा पुसलेला, कुठे पुडीचा कण नाही. ससा दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून उभा होता. समोर भिंतीवर मेणानं चिकटवलेलं माझं पान होतं. 'थाप' या शब्दाखाली त्यानं पेन्सिलीनं रेघ मारली होती.

"कशाला आलीस ताई?" तो म्हणाला. "अजून एक तासानं यायचं होतंस."

 मी त्याचा हात धरला आणि सोडला नाही. तो रडत नव्हता. फार शांतपणे म्हणाला, "मी सगळं आवरलंय. कोणाला त्रास होणार नाही."

मी भावजयीला फोन लावला तोही त्याचा हात धरूनच, एका हातानं. ती येईपर्यंत आम्ही दोघं त्या पुसलेल्या जमिनीवर बसून होतो. लहानपणी आईबाबा कामावरून यायची वाट बघत आम्ही असेच जिन्यात बसायचो, पण तेव्हा त्याची बडबड थांबायची नाही.

तिथून आम्ही सरळ रुग्णालयात गेलो. त्याला दाखल करून घेतलं.

दुसऱ्या दिवशी त्याच्या डॉक्टरांनी मला बोलावलं. पन्नाशीच्या बाई, केस आखूड, बोलणं रोखठोक. टेबलावर कागदांचा ढीग आणि गार झालेला चहा. त्यांनी विचारलं, "गोळ्या बंद करायला त्याला कोणी सांगितलं?"

मी पर्समधून ते पान काढलं आणि त्यांच्यासमोर ठेवलं. "मी. हा मथळा माझा आहे. आणि खाली जे नाही ते मी कापलंय." ती दोन वाक्यं मी त्यांना म्हणून दाखवली. शाळेत पाठांतर म्हणावं तशी, खाली बघून.

त्यांनी बातमी पूर्ण वाचली. मला वाटलं, आता या मला फाडून खातील. मला ते हवंही होतं.

"बातमी खोटी नाही," त्या म्हणाल्या. "अर्धी आहे. अर्धं मीही सांगितलं होतं."

"तुम्ही?"

"मी त्याला म्हटलं, रसायन कमी पडतंय. मोजलं होतं का? नाही. ते मोजायची चाचणीच माझ्याकडे नाही. दारात वीस माणसं बसलेली असतात, समोरचा स्वतःला शिव्या देत असतो, त्याला पटकन समजेल असं काहीतरी सांगायचं असतं. आपण म्हणतो, रसायन. त्याला बरं वाटतं, गोळी घ्यायला तयार होतो. वर्षानुवर्षं मी हेच सांगत आले."

"मग खरं काय आहे?"

"खरं लांबलचक आहे." त्यांनी चष्मा काढून डोळे चोळले. "मेंदूतली रसायनं यात असतात, हे नक्की. ही गोळी त्यांच्यावरच काम करते. पण बघा, सेरोटोनिनवरचा तिचा परिणाम काही तासांत सुरू होतो, आणि माणसाला बरं वाटायला आठवडे लागतात. म्हणजे मध्ये आणखी बरंच काही घडत असणार. पेशींचे एकमेकींशी असलेले जोड बदलत असतील, विचारांची वाट बदलत असेल. त्यातलं थोडं कळलंय, पुष्कळ कळायचंय. शिवाय प्रत्येकाचं कारण वेगळं. कोणाच्या घराण्यात असतं, कोणावर काही आदळलेलं असतं, कोणाच्या बाबतीत काहीच सापडत नाही. डोकं दुखलं की गोळीनं थांबतं ना? म्हणून काय डोकेदुखी त्या गोळीच्या कमतरतेनं होते?"

"नाही."

"पण थांबतं. कारणाची गोष्ट चुकीची ठरली म्हणून औषध खोटं ठरत नाही. सगळ्यांना लागू पडत नाही, पण बऱ्याच जणांना पडतं. तुमच्या भावाला पडलं होतं. आणि ते सोडायचं तर पायरी पायरीनं उतरायचं असतं, वरून उडी नाही मारायची."

 शेवटी मी विचारलं, "मला झोप लागत नाही. मलाही काही द्याल का?"

त्यांनी मला नीट निरखून बघितलं. चारदोन प्रश्न विचारले, जेवण जातं का, काम होतं का, जगू नये असं वाटतं का. मग म्हणाल्या, "तुमचा भाऊ स्वतःला दोष देतो तो आजाराचा भाग आहे. त्यानं कोणाचंच काही बिघडवलेलं नाही. तुमचं तसं नाही. तुम्हाला वाईट वाटायला कारण आहे. त्याच्यावर माझ्याकडे गोळी नाही. महिनाभरात झोप आली नाही तर मात्र या."

इतकं सरळ मला आजवर कोणी बोललं नव्हतं. 

भावजयीला मी त्याच संध्याकाळी सांगितलं. रुग्णालयाच्या आवारात एक बाक आहे, तिथे. तिला मथळा माझा आहे हे माहीत होतं. कापलेल्या ओळींचं माहीत नव्हतं.  मग तिनं विचारलं, "आणि रविवारी त्यानं तुम्हाला विचारलं तेव्हा?"

"तेव्हाही मी सांगितलं नाही."

"का?"

"मला वाटलं, तो बरा आहे."

"तुम्हाला वाटलं," ती म्हणाली. ती उठली, साडीचा पदर झटकला. "दीड वर्ष त्याच्या गोळ्यांची पाकिटं मी मोजत होते, ताई. आता थोडे दिवस माझ्याशी बोलू नका. त्याला भेटायला या. माझ्याशी बोलू नका."

ऑफिसात मी संपादकांकडे गेले. म्हटलं, खुलासा छापायचा आहे. त्यांनी पान पुन्हा वाचलं. "यात चूक कुठे आहे? खुलासा चूक झाली तर छापतात. प्रश्नचिन्ह तर टाकलंयस." मी म्हटलं, जे छापलं त्यात चूक नसेल, जे छापलं नाही त्यात आहे. त्यांनी हात हलवला, तीन महिने झाले त्याला, आता कोणाला आठवतंय. माझ्या भावाला आठवतंय, असं मी म्हटलं आणि सगळं सांगितलं. ते खुर्चीत मागे टेकले. म्हणाले, "चौकट घे. पान तीन, खाली. सात ओळी."

मंगळवारी ती चौकट आली. बुधवारी दुपारी ऑफिसात एक फोन आला, माझ्याकडे जोडून दिला. म्हाताऱ्या माणसाचा आवाज होता, फार अदबीचा.

"तुमच्या पेपरात आलंय, गोळ्या एकदम बंद करू नयेत म्हणून. माझ्या मुलीनं बंद केल्या आहेत. मागं तुमच्याकडेच वाचलं होतं की त्यांचा काही उपयोग नसतो, तेव्हापासून. तर आता काय करावं?"

 मी विचारलं, ती कशी आहे. ते म्हणाले, "खोलीतच असते. फारसं बोलत नाही. आम्हाला वाटलं, कामाचा थकवा असेल."

मी त्यांना सांगितलं, आज, आत्ता, तिच्या डॉक्टरांना फोन करा. तिला एकटं ठेवू नका. मनानं गोळ्या पुन्हा सुरू करू नका, डॉक्टर सांगतील तशाच. मी तीन वेळा सांगितलं, त्यांच्याकडून वदवून घेतलं. ते म्हणाले, "फार उपकार झाले बाई तुमचे. तुमच्यासारखी माणसं आहेत म्हणून कळतं तरी." आणि फोन ठेवला.

मी नंबर विचारायला विसरले. ती मुलगी कोण, तिचं पुढे काय झालं, मला माहीत नाही. अशा आणखी किती असतील, ज्यांच्या घरी कोणी चौकट वाचलीच नसेल, तेही माहीत नाही. चौकट पान तीनवर, खाली होती. मथळा पहिल्या पानावर होता.

ससा तीन आठवड्यांनी घरी आला. जुन्या गोळीचा या वेळी म्हणावा तसा उपयोग झाला नाही. डॉक्टरांनी दुसरी दिली. तिनं वजन वाढलं, हात थरथरू लागले. कवळी घडवणाऱ्याचा हात थरथरला तर काय उरलं? तो डोस कमी करून बघितला. आठवड्यातून एकदा समुपदेशकाकडे बसून बोलायचं, हेही सुरू झालं. पहिल्या वेळी पाच आठवड्यांत जे झालं त्याला आता पाच महिने लागले. त्यातला एकेक दिवस मी हिशेबात धरते. भाचीच्या वाढदिवसाला तो भिंतीकडे तोंड करून झोपून होता, तोही.

त्याला सांगायला मला चार महिने लागले. आधी डॉक्टरांना विचारलं होतं. त्या म्हणाल्या, जरा सावरू दे, मग सांगा, पण सांगा. एका दुपारी मी त्याच्या खोलीवर गेले. तो पुन्हा थोडं थोडं काम घेऊ लागला होता. मेणाच्या पट्टीत एकेक दात बसवत होता. मी स्टुलावर बसले आणि सगळं सांगितलं, ओळी, कात्री, त्या रविवारचं माझं उत्तर.

त्याचा हात थांबला. "म्हणजे मूळ बातमीत होतं? बंद करू नका म्हणून?"

"होतं."

"काय होतं नेमकं?"

मी म्हणून दाखवलं.

"जागा नव्हती?"

नव्हती, असं म्हणून सुटता आलं असतं. "होती," मी म्हटलं. "बाजूला गोळ्यांचं मोठं चित्र टाकलं होतं. ते लहान केलं असतं तर बसलं असतं."

त्यानं हातातला दात ओट्यावर ठेवला. बाहेर कोणीतरी भांडं घासत होतं, त्याचा खरखर आवाज येत होता.

"मला वाटायचं," तो म्हणाला, "तू मुद्दामच स्पष्ट बोलत नाहीयेस. ताईला ठाऊक आहे की मी ढोंगी आहे, फक्त तोंडावर म्हणत नाही. त्या दिवशी, सगळं आवरताना, हेच डोक्यात होतं."

मला रडू आवरेना. "तू ढोंगी नव्हतास रे. तू आजारी होतास, आणि मला ते कधी पटलंच नव्हतं. आधीपासूनच."

"हं," तो म्हणाला. एवढंच. त्यानं मला माफ केलं, असं म्हटलं नाही आणि नाही केलं, असंही म्हटलं नाही. थोड्या वेळानं म्हणाला, "आता जा. मला हे संपवायचंय. आणि रडू नकोस, मला मग तुझी काळजी करावी लागते. सध्या तेवढी ताकद नाही."

पुढचे दोन महिने तो माझ्याकडे आला नाही. मी फोन करायचे, तो दोन वाक्यं बोलून मुलीकडे द्यायचा. "आत्या, बाबा आज हसले," ती कधीकधी सांगायची. मला तेवढं पुरायचं. पुरलं पाहिजे असं मी ठरवलं होतं.

या महिन्यात त्याला पूर्ण बरं वाटू लागून दहा महिने झाले. परवा अचानक त्याचा फोन आला. "डॉक्टर डोस कमी करायला सुरुवात करणार आहेत. तूही चल. तुझ्यासमोरच सांगू दे त्यांना सगळं. नंतर कोणी म्हणायला नको, शेवटचं ऐकलं नाही."

मला हसावं की शरमेनं मरावं ते समजेना. तो मात्र हसत होता.

ससा, भावजय आणि मी, आम्ही तिघं गेलो. डॉक्टर सावकाश सांगत होत्या: आधी पाव भाग कमी, चार आठवडे तसंच, मग भेट, झोप उडाली किंवा रंग फिके वाटू लागले तर त्याच दिवशी फोन. मी शब्द न्‌ शब्द लिहून घेत होते. वाक्य अर्धं सुटलं की मी त्यांना थांबवायचे, "पुन्हा सांगा." त्यांनी एकदाही कंटाळा केला नाही.

बाहेर आल्यावर भावजयीनं हात पुढे केला. मी वही दिली. तिनं उभ्याउभ्या सगळं वाचलं.

"हे चार आठवडे आहेत ना?"

"चार."

तिनं मान हलवली. मग पर्समधून आपली छोटी डायरी काढली, माझी वही भिंतीला टेकवली, आणि सगळं पहिल्यापासून स्वतःच्या अक्षरात उतरवून घेऊ लागली.  ससा आणि मी बाजूला उभे राहिलो, तिचं लिहून संपेपर्यंत.